पांढरी दोन, काळी दोन, पांढरी तीन : ‘क्रीप’ची पहिली सीडी

अठरा पौंड. रेडिओहेड या इंग्लिश रॉक बँडच्या ‘क्रीप’ या एका गाण्याच्या सीडीला अठरा पौंड मोजले हे कळल्यावर आमच्या घरात काय चेहरे झाले ते लिहीत नाही. सोबत आणखी तीन गाणी आहेत म्हणून मी सारवासारव केली. त्या तीन गाण्यांचं पुढे बघू.

ऑक्सफर्डच्या काउली रोडवर जुन्या सीडी-रेकॉर्डचं एक दुकान आहे. शनिवारी भाजी आणायला त्याच रस्त्याला जाते, त्यामुळे पिशवीत मेथी आणि हातात रेडिओहेड असा प्रकार झाला. मालकाने खोका पुढे सरकवला आणि म्हणाला, मागची बाजू आधी वाचा. त्याचं ऐकावं. ‘क्रीप’ ब्रिटनमध्ये दोनदा निघालं, सप्टेंबर १९९२ ला आणि बरोबर वर्षाने, सप्टेंबर १९९३ ला. पहिल्या सीडीवर ‘क्रीप’नंतर ‘लर्गी’, ‘इनसाइड माय हेड’ आणि ‘मिलियन डॉलर क्वेश्चन’ ही गाणी आहेत. मागे ‘येस आय अ‍ॅम’ हे नाव दिसलं, तर ती दुसरी खेप समजा. पुष्कळ जण पहिली समजून दुसरी घेऊन येतात. माझी पहिली आहे. डबीचं बिजागर तुटलेलं, वर कुठल्यातरी जुन्या सेलच्या चिकटपट्टीचा चिकट डाग, आणि सीडीवर केसाएवढा एक ओरखडा. वाजते मात्र स्वच्छ.

मी मूळची मिरजेची. आमच्या गल्लीत सकाळी तंबोऱ्याचे भोपळे उन्हात वाळत असायचे. मी शिकले पेटी, मध्यमा पूर्णपर्यंत. पुढे लॅबचं शिक्षण, नोकरी, लग्न, आणि गेली चौदा वर्षं इथे. रॉक संगीतातलं मला काही कळतं असा दावा नाही. ‘क्रीप’ पहिल्यांदा ऐकलं ते १९९४ साली, पुण्याच्या हॉस्टेलवर, रूममेटच्या कॅसेटमध्ये. कॅसेटवरून कॅसेट, त्यावरून पुन्हा कॅसेट असं करत ते आमच्यापर्यंत पोचलं होतं. गिटारच्या जागी नुसती खरखर. मला वाटलं, कुणीतरी मुलगा रडतोय. तेवढ्यावर मी ते तीस वर्षं निकालात काढलं.

मागच्या दिवाळीत थोरल्याने गिटारवर ‘क्रीप’चे चार कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या स्वरांचे चार गुच्छ, वाजवले. म्हणाला, “आई, हे सगळ्यांना पहिल्या महिन्यात येतं. यात शिकण्यासारखं काही नाही.” मी पोळ्या लाटत होते. तिसऱ्यावरून चौथ्या कॉर्डवर त्याचा हात गेला आणि माझं लाटणं थांबलं. म्हटलं, पुन्हा वाजव. परत एकदा. मग हात धुऊन पेटी काढली.

आता जे सांगते ते पेटी वाजवणाऱ्यांनी हाताशी पेटी घेऊनच वाचावं. गाणं जी स्वरात आहे, म्हणजे सा पांढरी पाच, पेटीची पाचवी पांढरी पट्टी. कॉर्ड चारच, जी, बी, सी आणि सी मायनर, आणि सुरुवातीपासून शेवटपर्यंत तेच फिरत राहतात. प्रत्येकाला आठ मात्रा, एकूण बत्तीस मात्रांचं आवर्तन. त्या कॉर्डमधल्या एकाच बोटाकडे बघा. पहिल्या कॉर्डमध्ये ते पंचमावर असतं, पांढरी दोन. दुसऱ्यात कोमल धैवत, काळी दोन. तिसऱ्यात शुद्ध धैवत, पांढरी तीन. चौथ्यात परत कोमल. आणि आवर्तन पुन्हा सुरू झालं की पंचम. प, कोमल ध, शुद्ध ध, कोमल ध, प. बाकी हाताने वाटेल ते करावं, पण हे बोट अर्ध्या अर्ध्या पायरीने दोन पायऱ्या चढतं आणि तितक्याच पायऱ्या उतरतं. चार मिनिटांच्या आतलं अख्खं गाणं या जिन्यावर उभं आहे.

एकाच स्वराची दोन्ही रूपं अशी लागोपाठ घ्यायला आपल्याकडे जरा बिचकतात. ललतमध्ये दोन मध्यम शेजारी शेजारी येतात, आणि म्हणूनच ललत ऐकताना पोटात काहीतरी हलतं. पिलूत, ठुमरीत दोन्ही धैवतांची ये-जा चालते. पण तिथे गायक स्वराला आंजारून गोंजारून आणतो. इथे पाच इंग्लिश पोरांनी तो जिना सरळ विटा रचल्यासारखा रचून ठेवलाय. आमचे पेटीचे मास्तर असते तर म्हणाले असते, “धैवत सापडलाय पोरांना, पण सांभाळायचा कसा ते माहीत नाही.” मग बँडचा गिटारवादक जॉनी ग्रीनवुड याच्या गिटारचा तो आवाज आल्यावर मास्तर उठून बाहेरच गेले असते.

तो आवाज म्हणजे, कडव्याच्या शेवटी, धृपद सुरू व्हायच्या आधी, ‘खाड्‌, खाड्‌’ अशी गिटार. डाव्या हाताने तारा मुक्या करून उजव्याने सपकन झोडपलेली. त्यात सूर नाही, नुसता आघात आहे. बँडमधल्या एड ओब्रायनने सांगितलेली हकीकत अशी की जॉनीला गाण्याचा तो हळवा भाग आवडत नव्हता, म्हणून त्याने तो बिघडवायलाच गिटार बडवली. आता कॉर्ड मोजत ऐका. हे फटके पडतात ते चौथ्या कॉर्डवर, जिथे शुद्ध धैवत कोमलवर उतरून आलाय तिथेच. नेमकी सर्वांत नाजूक जागा पाहून त्याने हातोडा घातला. बिघडवायलाही कान लागतो.

(हाच जॉनी ग्रीनवुड पुढे २०१५ मध्ये जोधपूरच्या मेहरानगड किल्ल्यात राजस्थानी वादक आणि कव्वालांबरोबर ‘जुनून’ नावाचा अल्बम करत बसला होता. तिथे बहुतेक वेळ तो मागे, कोपऱ्यात, गुपचूप वाजवतोय. ते बघून मला त्याच्याबद्दल फार बरं वाटलं.)

ध्वनिमुद्रण झालं त्या गावाला मुद्दाम जाऊन आले. चिपिंग नॉर्टन. ऑक्सफर्डहून वुडस्टॉकमार्गे बस जाते, दुतर्फा शेतं आणि दगडी कुंपणं. पिवळसर दगडाचं झोपाळू गाव. स्टुडिओ १९९९ मध्येच बंद पडला, त्यामुळे बघायला असं काही नाही. एक चहा, एक स्कोन, आणि पाऊस. इथे १९९२ मध्ये शॉन स्लेड आणि पॉल कोल्डरी हे दोन अमेरिकन निर्माते या मुलांना घेऊन आले ते भलतीच दोन गाणी करायला, ‘इनसाइड माय हेड’ आणि ‘लर्गी’. कामाला रंग भरत नव्हता. त्याआधी तालमीत मुलांनी ‘क्रीप’ वाजवून दाखवलं होतं आणि बँडचा गायक थॉम यॉर्क पुटपुटला होता की हे आमचं स्कॉट वॉकरचं गाणं. त्याला म्हणायचं होतं, त्या गायकाच्या धाटणीचं. निर्माते समजले, त्या गायकाचंच. यांचं सगळ्यांत चांगलं गाणं नेमकं दुसऱ्याचं निघालं म्हणून ते हळहळत बसले. स्टुडिओत मुलांचा मूड सुधारावा म्हणून त्यांनी ते एकदा वाजवायला लावलं. एकाच दमात झालं आणि खोलीतल्या सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. गाणं स्वतःचंच आहे हे कळल्यावर कोल्डरीने रेकॉर्ड कंपनीला फोन केला.

म्हणजे माझ्या सीडीवर मागे बसलेली ‘लर्गी’ आणि ‘इनसाइड माय हेड’ ही दोन गाणी म्हणजे मूळची नवरदेव मंडळी. लग्न लागलं करवलीचं. ऐकल्यावर कारण कळतं. ‘लर्गी’ बरं आहे, संथ, पावसाळी दुपारसारखं, पण कुठेच पोचत नाही. ‘इनसाइड माय हेड’मध्ये आरडाओरडा जास्त. ‘मिलियन डॉलर क्वेश्चन’ मी दोनदा ऐकलं, तिसऱ्यांदा ऐकायची इच्छा नाही. घरच्यांना सांगितलेली तीन गाण्यांची सबब टिकणारी नव्हती हे इथे कबूल करते.

शेवटच्या पियानोकडे मात्र लक्ष द्या. गाणं संपत आल्यावर अचानक पियानो वर येतो, जसा पाहुणा निघायच्या वेळी चहा यावा. मिक्सिंग करताना कोल्डरी तो पियानो आवाजात घ्यायलाच विसरला होता, शेवटी आठवण झाली. बँडने ऐकलं आणि तसंच ठेवलं. कॅसेटच्या खरखरीत हा पियानो मला तीस वर्षं ऐकूच आला नव्हता. अठरा पौंडांतले निदान पाच त्याचे.

आता या गाण्याला लोकांनी कसं वागवलं ते. २१ सप्टेंबर १९९२ ला पार्लोफोन या रेकॉर्ड कंपनीने ते बाजारात आणलं. बी.बी.सी.च्या रेडिओ वनला ते फारच उदास वाटलं, त्यांनी जवळपास वाजवलंच नाही. सुमारे सहा हजार प्रती खपल्या. ब्रिटनच्या यादीत ७८ वा नंबर. संपलं. पुढच्या वर्षी फेब्रुवारीत ‘पाब्लो हनी’ हा पहिला अल्बम आला. त्याच महिन्यातलं ‘एनीवन कॅन प्ले गिटार’ ३२ पर्यंत पोचलं, मे महिन्यातलं ‘पॉप इज डेड’ ४२ पर्यंत. मुलं गाडीतून गावोगाव हिंडत होती आणि घरच्या देशात त्यांना कुणी विचारत नव्हतं.

जीव फुटला तो लांब, इस्राएलमध्ये. तिथल्या लष्करी रेडिओवर योआव कुटनर नावाचा निवेदक हे गाणं वरचेवर वाजवू लागला आणि ते तिकडे गाजलं. मार्च १९९३ मध्ये बँडला तेल अविवला बोलावणं आलं, त्यांचा परदेशातला हा पहिला कार्यक्रम. मग अमेरिका. सॅन फ्रान्सिस्कोच्या एका केंद्राने गाणं उचललं, बाकीच्यांनी री ओढली, एम.टी.व्ही.वर व्हिडिओ फिरू लागला. अमेरिकेच्या मॉडर्न रॉक यादीत दुसरा क्रमांक, मुख्य यादीत ३४ वा. मूळ गाण्यात एक शिवी आहे, तीही ऐन मोक्याच्या ठिकाणी. रेडिओसाठी तिथे साधं ‘व्हेरी’ घालून दुसरी आवृत्ती केली. ती ऐकली तर सोलकढीतून कोकम काढल्यासारखी लागते.

एवढं झाल्यावर ब्रिटनमधल्या कंपनीला पुन्हा गाणं काढायची उबळ आली. मुलांना ते नको होतं. तरी सप्टेंबर १९९३ मध्ये काढलंच, आणि वर्षापूर्वी ७८ वर आपटलेलं गाणं सातव्या नंबरवर गेलं. गाणं तेच. मधे फक्त समुद्रापलीकडून कौतुक येऊन गेलं होतं. हा रोग आपल्याकडेच आहे असं मी समजत होते.

व्हिडिओचं चित्रीकरण झालं ते ‘द व्हेन्यू’ नावाच्या हॉलमध्ये, तोही याच काउली रोडवर. मी मेथी घेते तिथून चालत जाता येतं. बँडचं नाव आधी ‘ऑन अ फ्रायडे’ होतं, कारण अ‍ॅबिंग्डनच्या शाळेत शुक्रवारी तालीम असायची. अ‍ॅबिंग्डन इथून बसने अर्ध्या-पाऊण तासावर. आमच्या लॅबमधल्या निवृत्तीला टेकलेल्या सिनियर बाईंना विचारलं, तर म्हणाल्या, हो, ती मुलं जेरिको टॅव्हर्न या पबमध्ये वाजवायची, आम्ही गप्पा मारत बसायचो. एवढंच. मिरजेतही अब्दुल करीम खाँसाहेबांच्या आठवणी विचारल्या की कुणीतरी असंच काहीतरी सांगायचं.

मला या गाण्याची जी गोष्ट खटकते ती कुठल्या समीक्षेत सापडली नाही. गाण्यात एक मुलगा एका मुलीला लांबून न्याहाळतोय. ती देवदूतासारखी, आणि आपण विचित्र, आपली इथे जागा नाही. थॉम यॉर्कने ते एक्झेटर विद्यापीठात असताना, ऐंशीच्या दशकाच्या शेवटी लिहिलं. ऐकणारे सगळे त्या मुलाच्या जागी बसतात. मी बसू शकत नाही. मी वालचंद कॉलेजच्या बसस्टॉपवर उभी राहिलेली मुलगी आहे. समोरच्या टपरीवरून रोज कुणीतरी टक लावून बघायचं, बोलायचं काहीच नाही, फक्त बघायचं. तो स्वतःला किती क्षुद्र समजत होता हे मला कुणी सांगितलं असतं तरी मी बस बदललीच असती. गाण्यातली मुलगीही शेवटी पळते, आणि ती पळते तिथेच यॉर्कचा आवाज वर वर चढत जाऊन ताणला जातो. गाण्यातली सर्वांत मोठी जागा तीच. म्हणून मी त्याला माफ केलं. गाण्याला निदान कळलंय की ती का पळाली. पोराला हे सांगितलं तर तो म्हणाला, “आई, तू प्रत्येक गाण्यात बसस्टॉप आणतेस.”

चोरीचं प्रकरण टाळून चालणार नाही. हेच चार कॉर्ड, याच क्रमाने, हॉलीज या बँडच्या १९७४ च्या ‘द एअर दॅट आय ब्रीद’मध्ये आहेत. ते अल्बर्ट हॅमंड आणि माइक हेझलवुड यांनी लिहिलं होतं, आणि पुढे ‘क्रीप’च्या गीतकारांत या दोघांचीही नावं आली. पेटीवर दोन्ही वाजवून पाहिली. जिना तोच, पण हॉलीज त्यावरून पाहुण्यांसारखे सावकाश चढतात. २०१८ मध्ये अमेरिकन गायिका लाना डेल रेच्या एका गाण्यावरून उलटं झालं. तिने सांगितलं की रेडिओहेडने आपल्यावर दावा लावलाय. रेडिओहेडचे संगीत-प्रकाशक म्हणाले दावा नाही, पण श्रेय मागतोय हे खरं. पंचमावरून धैवतापर्यंतच्या चार पावलांची मालकी कुणाची, हा वाद मिरजेतल्या कुठल्याही तंबोऱ्याच्या कारखान्यात काढून बघा, चहा येईपर्यंत मिटेल.

या गाण्याने त्यांना नाव दिलं आणि मग त्यांना त्याचाच वीट आला. श्रोते हेच एक ऐकायला यायचे आणि ते झालं की उठून जायचे. १९९४ चं ‘माय आयर्न लंग’ हे त्यांचं गाणं तर या गाण्यावरच्या वैतागातून आलं. पुढे बरीच वर्षं ते क्वचितच वाजवत. जुलै २००१ मध्ये इथल्याच साउथ पार्कमधल्या कार्यक्रमात, पावसात, शेवटी वाजवलं. त्या पार्कात आता मी रविवारी फिरायला जाते. २०२१ मध्ये यॉर्कने त्याची एक नवी आवृत्ती काढली, चांगली नऊ मिनिटांची, ओढून ताणून संथ केलेली. घरात सगळ्यांना ती असह्य झाली. मला मात्र वाटलं की हे आता विलंबित लयीत आलंय, आणि दोन्ही धैवतांना प्रथमच श्वास घ्यायला जागा मिळालीय. पण ती ऐकायची तर हे आधी ऐकलेलं हवं.

घ्यावी का? नुसतं गाणं ऐकायचं तर फोनवर फुकटात मिळतं, अठरा पौंड घालवू नका. संग्रह करणाऱ्यांनी पहिलीच घ्यावी, दुसरी नको. पेटीवाल्यांनी सीडीच्या भानगडीत न पडता काळी दोन नीट वाजतेय का ते आधी बघावं. माझ्या पेटीची इथल्या दमटपणाने अडकते. भाता मारला की कोमल धैवत बोलतच राहतो, बाकी गाणं पुढे निघून जातं.

सीडीची ताजी खबर. थोरला परवा सुट्टी संपवून विद्यापीठात परत गेला. त्याच्या मागे आवरताना डबी उघडली तर आत नुसता कागद. फोन केला. म्हणाला, “घेतली मी. खोलीच्या भिंतीवर लावलीय.” त्याच्याकडे सीडी वाजवायचं यंत्रच नाही.